रुथ द सोझा: दुय्यम भूमिकांमधली मोठी अभिनेत्री

चित्रपट रसास्वादाच्या माझ्या वर्गात येऊन गेलेल्या एका विद्यार्थिनीने परवा लिहून विचारलं: "सर, ब्राझीलच्या रुथ द सोझा या अभिनेत्रीवर प्रकल्प करायचा आहे. तिच्याबद्दल जे सापडतं त्यात 'पहिली कृष्णवर्णीय अमुक, पहिली तमुक' एवढंच असतं. भूमिकांची यादी काढली तर गुलाम बाई, मोलकरीण, सुईण. व्हेनिसला तिला नामांकन होतं म्हणतात. मग ती मोठी अभिनेत्री होती की नुसतं मोठं प्रतीक? आणि अभ्यास सुरू कुठून करू?"

पहिल्या प्रश्नाचं उत्तर आधी देतो, कारण त्याबद्दल माझ्या मनात शंका नाही. ती मोठी अभिनेत्री होती. यादी वाचून हे कळणार नाही, कारण यादीत दिसतं ते तिला काय देऊ केलं गेलं तेवढंच. तिने त्याचं काय केलं हे पडद्यावरच बघावं लागतं. गेली अठ्ठावीस वर्षं मी फिल्म सोसायट्यांमधून जुने चित्रपट दाखवतो आहे. दुय्यम भूमिका करणाऱ्या नटांवर लिहिताना बहुतेक जण अडखळतात ते इथेच. भूमिकेची लांबी आणि नटाची उंची यांची ते गल्लत करतात.

नावाबद्दल एक छोटी गोष्ट. गोव्यात, वसईत जे डिसोझा आडनाव आपण रोज ऐकतो तेच हे. एकाच पोर्तुगीज साम्राज्याच्या दोन टोकांना उरलेलं. ब्राझीलमध्ये ते गुलामांच्या वंशजांकडेही आलं, आणि रुथची सगळी गोष्ट तिथून सुरू होते.

तिचा जन्म १२ मे १९२१चा, रिओ दी जानेरोचा. ब्राझीलने गुलामगिरी कायद्याने बंद केली १३ मे १८८८ला, अमेरिका खंडांतल्या सगळ्या देशांच्या शेवटी. म्हणजे रुथ जन्मली तेव्हा या गोष्टीला जेमतेम तेहतीस वर्षं झाली होती. गुलाम म्हणून जन्मलेली माणसं तिच्या आजूबाजूला वावरत होती. लहानपणाची काही वर्षं मिनास जेराइस प्रांतातल्या खेड्यात गेली. वडील वारले, आई मुलांना घेऊन रिओला परतली आणि कोपाकाबानात लोकांचे कपडे धुऊन संसार चालवू लागली. पोरीला सिनेमाचं वेड. मला नटी व्हायचंय म्हटलं की लोक हसायचे. ते दुष्ट होते म्हणून हसत असं नाही, तिच्या रंगाची नटी त्यांनी कधी पाहिलीच नव्हती. तिनेही पाहिली नव्हती. तुझ्या प्रकल्पात हे वाक्य सुरुवातीलाच ठेव, कारण पुढे तिने जे केलं त्याला समोर नमुना नव्हता.

आता इथे जरा थांबून एका नाटकाबद्दल सांगायला हवं, कारण तिच्या कारकिर्दीची किल्ली मला तिथे सापडते.

१९४१ साली अब्दियास दो नासिमेन्तो हा तरुण ब्राझिलियन पेरूची राजधानी लिमा इथे होता. तिथे त्याने अमेरिकन नाटककार युजीन ओनीलचं 'एम्परर जोन्स' पाहिलं. नायक कृष्णवर्णीय, आणि ती भूमिका करणारा नट गोरा, तोंडाला काळं फासलेला. अब्दियासच्या मनात ते रुतून बसलं. रिओला परतल्यावर १९४४ मध्ये त्याने 'तेआत्रो एक्स्पेरिमेंताल दो नेग्रो' म्हणजे कृष्णवर्णीयांची प्रायोगिक रंगभूमी सुरू केली. नाव जरी नाटक मंडळीचं असलं तरी तिथे संध्याकाळी साक्षरतेचे वर्ग भरत. येणारे लोक घरकामगार, मजूर, छोटे नोकरदार. आधी अक्षर ओळख, मग संहिता. रुथने या मंडळीबद्दल वाचलं आणि ती स्वतःहून तिथे जाऊन दाखल झाली.

८ मे १९४५. युरोपातलं युद्ध ज्या दिवशी संपलं त्याच दिवशी रिओच्या तेआत्रो म्युनिसिपालमध्ये या मंडळीने तेच 'एम्परर जोन्स' केलं. ओनीलने मानधन न घेता परवानगी दिली होती. नायकाची भूमिका केली आग्विनाल्दो कामार्गोने, तोंडाला काही न फासता. रुथने केली नाटक जिथे घडतं त्या बेटावरची म्हातारी. तेव्हा ती स्वतः चोवीस वर्षांचीही नव्हती. नाटकात त्या म्हातारीला नावसुद्धा नाही. पहिल्या प्रवेशात ती येते, पळून जायच्या बेतात असताना पकडली जाते, बोलते आणि जाते. पण पडदा वर गेल्यावर रिओच्या त्या दिमाखदार रंगमंचावर दिसलेली बाई ती. त्या रंगमंचावर अभिनय करणारी पहिली कृष्णवर्णीय अभिनेत्री म्हणून तिचं नाव घेतात ते या संध्याकाळमुळे.

चित्रपटात ती आली १९४८ मध्ये, 'तेरा व्हिओलेंता'मधून. चित्रपट जोर्जे आमादो यांच्या कादंबरीवरचा होता आणि तिचं नाव त्यांनीच सुचवलं होतं. पुढच्या वर्षी 'तांबें सोमोस इर्माओस', म्हणजे 'आम्हीही भाऊच'. दोन्ही अट्लांतिदा या रिओच्या कंपनीचे. हा दुसरा चित्रपट मिळाला तर जरूर बघ. गोऱ्या घरात वाढलेल्या दोन कृष्णवर्णीय भावांची ही गोष्ट, एक वकील होऊ पाहणारा, एक भरकटलेला. एक भाऊ ग्रांदे ओतेलो, दुसरा तोच कामार्गो. १९४९ साली वर्णभेदावर इतकं सरळ बोलणारे चित्रपट ब्राझीलमध्ये फारसे नव्हतेच.

१९५० मध्ये तिला रॉकफेलर फाउंडेशनची शिष्यवृत्ती मिळाली आणि ती एक वर्ष अमेरिकेत राहिली. वॉशिंग्टनचं हॉवर्ड विद्यापीठ आणि क्लीव्हलंडचं कारामू हाउस, दोन्ही ठिकाणी तिने नाटकाचं काम शिकलं; प्रकाशयोजना, नेपथ्य, ध्वनी सगळं. वर्णभेद कायद्यात लिहिलेला असणारा तो देश. पण तिथे कृष्णवर्णीयांची स्वतःची विद्यापीठं होती, रंगमंच होते, शिक्षक होते. तिच्या देशात असा कायदा नव्हता, आणि अब्दियासच्या मंडळीसारखे अपवाद सोडले तर या संस्थाही नव्हत्या.

परतल्यावर व्हेरा क्रूझ. साओ पाउलोजवळ साओ बेर्नार्दो दो काम्पो इथे १९४९ मध्ये उभा राहिलेला हा स्टुडिओ. इटालियन उद्योजकांचा पैसा, युरोपातून आणलेले तंत्रज्ञ, हॉलिवूडसारखं काम करायची जिद्द. १९५४च्या सुमारास तो कर्जात बुडाला. अमेरिकेतून आल्यापासून तोवर रुथ तिथे करारावर होती: 'आंजेला', 'तेरा ए सेंप्रे तेरा', 'सिन्या मोसा', 'कांदिन्यो'. या काळाचा तिला एक मोठा फायदा झाला, तो म्हणजे चांगला कॅमेरा आणि चांगला प्रकाश. हे मी मुद्दाम सांगतो. कमी बजेटच्या चित्रपटांत गोऱ्या चेहऱ्यांच्या हिशेबाने प्रकाश लावला जायचा आणि काळा चेहरा अंधारात जायचा. व्हेरा क्रूझच्या छायालेखनात तिचा चेहरा वाचता येतो. तिचा अभिनय डोळ्यांत आणि थांबण्यात आहे, त्यामुळे याचं मोल फार.

'सिन्या मोसा' १९५३चा. गुलामगिरी संपण्याआधीच्या वर्षांतली कथा, दिग्दर्शक टॉम पेन. पोस्टरवर एलियान लाज आणि आन्सेल्मो दुआर्ते: जमीनदाराची मुलगी आणि गुलामांच्या बाजूने उभा राहणारा तरुण. रुथ ही साबिना, मळ्यावरची गुलाम. कथा प्रेमिकांची आहे, गुलाम त्या कथेची पार्श्वभूमी आहेत. मी हा चित्रपट पहिल्यांदा पाहिला तेव्हा माझंही लक्ष पोस्टरवरच्या जोडीकडेच होतं. दुसऱ्यांदा पाहताना ठरवून फक्त साबिनाकडे बघत राहिलो, आणि वेगळाच चित्रपट दिसला. आवाज खालच्या पट्टीत. हाताच्या हालचाली कमी. त्या काळच्या मेलोड्रामाच्या शैलीत आजूबाजूचे सगळे जण भावना बाहेर फेकत असताना ही एकटी ती आत धरून ठेवते. मालकासमोर दुःख दाखवायची मुभा नसलेली बाई दुःख कशी करेल, याचा विचार तिने केला होता. संहितेत तो होता असं मला चित्रपट पाहताना कुठे वाटत नाही. या भूमिकेसाठी तिला साओ पाउलोचा 'सासी' पुरस्कार मिळाला.

आता व्हेनिस. ही गोष्ट नीट समजून घे, कारण इथे अनेकांची गफलत होते आणि मीही पुष्कळ वर्षं ती तशीच सांगत आलो. प्रचलित गोष्ट अशी: १९५४च्या व्हेनिस महोत्सवात रुथला सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचं नामांकन होतं, समोर कॅथरीन हेपबर्न, मिशेल मॉर्गन आणि लिली पामर होत्या, आणि रुथचा पुरस्कार दोन गुणांनी हुकून लिली पामरला गेला. आता महोत्सवाच्या नोंदींशी ताडून बघ. लिली पामरला 'द फोर पोस्टर'साठी व्होल्पी कप, म्हणजे तिथला अभिनयाचा पुरस्कार, मिळाला तो १९५३ मध्ये; १९५४ साली अभिनेत्रीचा व्होल्पी कप कुणालाच दिलेला नाही. 'सिन्या मोसा' स्पर्धेत होता तोही १९५३ मध्ये. मिशेल मॉर्गनचा चित्रपटही त्याच वर्षीचा. शिवाय व्हेनिसला ऑस्करसारखी नामांकनं जाहीर होत नाहीत. स्पर्धेतल्या सगळ्याच भूमिका परीक्षकांसमोर असतात. तेव्हा तुझ्या प्रकल्पात वर्ष १९५३ लिही आणि 'नामांकन' हा शब्द टाळ. 'परीक्षकांच्या चर्चेत तिचं नाव शेवटपर्यंत होतं, असं सांगितलं जातं' एवढं पुरे.

यात तिचं काही कमी होत नाही. उलट १९५३ची व्हेनिस स्पर्धा आठवून बघ. त्या वर्षी परीक्षकांनी सुवर्ण सिंह (गोल्डन लायन) हा सर्वोच्च पुरस्कार कुणालाच दिला नाही आणि रौप्य सिंह सहा चित्रपटांत वाटले. त्यात मिझोगुचीचा 'उगेत्सु' आणि फेलिनीचा 'इ व्हितेलोनी' होते. 'सिन्या मोसा'ला कांस्य सिंह मिळाला. अशा वर्षी, अशा गर्दीत, पोस्टरवर नसलेली एक नटी लोकांच्या लक्षात राहिली.

आणि त्यानंतर? एवढं नाव झालेल्या अभिनेत्रीसाठी कुणीतरी चित्रपट लिहायला हवा होता. कुणी लिहिला नाही. स्टुडिओ बुडाला, बाकीचे नट पुढे गेले, रुथ पुन्हा छोट्या भूमिकांकडे. १९६२च्या 'असाल्तो आओ त्रेम पागादोर'मध्ये ती आहे. पगाराची रोकड नेणारी गाडी लुटल्याच्या खऱ्या घटनेवरचा हा रोबेर्तो फारियासचा चित्रपट. तो उत्तम आहे, आणि तिला त्यात फार कमी वाव आहे. या दशकावर मी जास्त रेंगाळणार नाही. एक मात्र सोडू नकोस: १९६१चं 'क्वार्तो दे देस्पेजो' हे नाटक. साओ पाउलोच्या कानिंदे झोपडपट्टीत कागद वेचून मुलं वाढवणाऱ्या कारोलिना मारिया दे जेजुसची डायरी १९६० मध्ये छापून आली आणि देशभर गाजली. तिचं नाट्यरूप झालं, दिग्दर्शक आमीर हदाद, आणि कारोलिना झाली रुथ. भूमिकेच्या तयारीसाठी ती कारोलिनाबरोबर त्या वस्तीत गेली होती. त्या भेटीची छायाचित्रं आजही पाहायला मिळतात. ही खरी मध्यवर्ती भूमिका होती, आणि ती चित्रपटात न येता रंगमंचावर आली. बावीस वर्षांनी, १९८३ मध्ये, टीव्हीसाठी रुथने पुन्हा कारोलिना केली. चित्रपटांच्या यादीपुरतंच पाहशील तर तिच्या सर्वांत महत्त्वाच्या कामांपैकी एक तुझ्या हातून निसटेल.

१९६८पासून ती ग्लोबो वाहिनीच्या मालिकांत आली आणि पुढची पाच दशकं घराघरांत दिसत राहिली. १९६९ मध्ये 'आ काबाना दो पाय तोमास', म्हणजे 'अंकल टॉम्स केबिन'वरची मालिका. रुथ टॉमची बायको क्लोए. नायिकेच्या तोलाची भूमिका, ग्लोबोवर कृष्णवर्णीय अभिनेत्रीला अशी पहिल्यांदाच मिळालेली. आणि टॉम कोण? सेर्जिओ कार्दोझो, गोरा नट, अंगाला काळा रंग लावून आणि केसांचा टोप घालून. अब्दियासने लिमात जे पाहून आपली रंगभूमी उभी केली, तेच अठ्ठावीस वर्षांनी ब्राझीलच्या घरोघरी. आणि या खेपेला त्या रंगवलेल्या चेहऱ्यासमोर उभी राहून रोज संवाद म्हणायचे होते ते 'एम्परर जोन्स'मधल्या त्या म्हातारीने. नाटककार प्लिनिओ मार्कोस यांच्यासह अनेकांनी जाहीर निषेध केला. नामावलीत रुथचं नाव वर होतं, ते इतर अभिनेत्रींनी हरकत घेतल्यावर खाली गेलं, असंही सांगितलं जातं.

तिने मालिका सोडली नाही. तुझ्या पिढीला हे खटकेल, वर्गात दर वेळी कुणीतरी विचारतंच: तिने नकार का दिला नाही? मला हा प्रश्न रास्त वाटतो, पण तो तिला विचारण्याआधी आणखी एक विचार: नकार दिला असता तर क्लोए कुणी केली असती? १९६९च्या ब्राझीलमध्ये या प्रश्नाचं उत्तर 'दुसरी रंगवलेली बाई' असंही असू शकत होतं. मी तिच्या जागी काय केलं असतं याची बढाई मला मारवत नाही.

यानंतरच्या टीव्ही कामाचा पसारा मोठा आहे. १९७३च्या 'ओ बें-आमादो'मधली सुईण वगैरे. त्यातलं सगळं बघायची गरज नाही. थेट २००४वर ये.

जोएल झितो आराउझो या दिग्दर्शकाने आधी, २००० मध्ये, ब्राझीलच्या मालिकांमधल्या कृष्णवर्णीय नटांवर 'आ नेगासाँव दो ब्राझील' हा माहितीपट केला होता. रुथ त्यात बोलते. मग त्याने कथापट केला: 'फिल्यास दो व्हेंतो', वाऱ्याच्या लेकी. दोन बहिणी. एक, सिदा, नटी व्हायचं म्हणून गाव सोडून रिओला गेलेली. दुसरी, जू, बापाजवळ गावात राहिलेली. म्हातारपणी बापाच्या मरणाने त्या पुन्हा समोरासमोर येतात. सिदा ही रुथ द सोझा, जू ही लेआ गार्सिया. लेआसुद्धा त्याच अब्दियासच्या रंगभूमीतून आलेली. म्हणजे अख्खं आयुष्य नटी म्हणून काढलेल्या कृष्णवर्णीय बाईची भूमिका करायला अख्खं आयुष्य तसं काढलेली बाई. ब्राझीलच्या ग्रामादो महोत्सवात त्या वर्षी दोघींना मिळून सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार दिला गेला. रुथ तेव्हा त्र्याऐंशी वर्षांची होती.

हा चित्रपट निर्दोष नाही. काही प्रसंग मालिकेच्या वळणाने जातात. तरीही दोघी बहिणी एका चौकटीत येतात तेव्हा बघ. लेआ गार्सियाचा स्वभाव उसळणारा, ती वाक्यावर स्वार होते. रुथ वाक्य संपल्यावर अर्धा क्षण थांबते आणि मग नजर काढून घेते. साबिनामध्ये होतं तेच हे थांबणं, पन्नास वर्षांनी. फरक एवढाच की आता दिग्दर्शकाने कॅमेरा तिच्यावर ठेवला आहे.

२०१९च्या कार्निव्हलमध्ये रिओच्या आकादेमिकोस दे सांता क्रूझ या सांबा मंडळीने आपली सगळी मिरवणूक तिच्या आयुष्यावर रचली. त्याच वर्षी २८ जुलैला ती गेली, अठ्ठ्याण्णव वर्षांची होऊन.

आता तुझा दुसरा प्रश्न, सुरुवात कुठून. सालवार जाऊ नकोस. आधी 'फिल्यास दो व्हेंतो', मग लगेच 'सिन्या मोसा', मग 'आ नेगासाँव दो ब्राझील'. या तिन्हींत तिची शैली, तिची चौकट आणि तिचं स्वतःचं म्हणणं मिळतं. त्यानंतर जे हाती लागेल ते. ज्युलियाना व्हिसेन्तेचा २०२२चा 'दियालोगोस कों रुथ दे सोझा' हा माहितीपटही शोध. जुन्या चित्रपटांच्या प्रती फार चांगल्या मिळतील अशी अपेक्षा ठेवू नकोस. अट्लांतिदाच्या साठ्याला १९५२ मध्ये आग लागली होती. साओ पाउलोच्या सिनेमातेकाने, म्हणजे चित्रपट संग्रहालयाने, १९५७ मध्ये आणि पुन्हा २०२१ मध्ये आगी पाहिल्या. पुण्यात जानेवारी २००३ मध्ये नायट्रेटची, म्हणजे जुनी आणि चटकन पेट घेणारी, रिळं जळाली तेव्हाचा धूर आठवला की मला या बातम्या परक्या वाटत नाहीत.

बघताना वहीत तीन रकाने कर. पहिल्यात, संहितेने तिला काय दिलं: पात्राला नाव आहे का, घर आहे का, कुणी तिला नावाने हाक मारतं का, ती नसताना तिच्याबद्दल कुणी बोलतं का. दुसऱ्यात, कॅमेऱ्याने काय दिलं: चौकटीत ती कुठे आहे, प्रकाश कुणावर आहे, तिचं वाक्य चालू असताना आपल्याला कुणाचा चेहरा दाखवला जातो. तिसऱ्यात, तिने काय केलं. एक प्रसंग आवाज बंद करून बघ आणि मग तोच डोळे मिटून नुसता ऐक. तिच्या बाबतीत दोन्ही वेळा वेगळं काहीतरी सापडतं. उपशीर्षकं वाचण्यात नजर खाली अडकते आणि अशा नटीचं नेमकं तेच निसटतं, म्हणून महत्त्वाचा प्रसंग दुसऱ्यांदा उपशीर्षकांशिवाय बघायचाच.

पहिले दोन रकाने बहुतेक चित्रपटांत अर्धवट राहतील. ते तसेच रिकामे छाप, आणि तिसऱ्या रकान्यासाठी पानं हाताशी जास्तीची ठेव.